अपघातानंतरची फेरतपासणी आणि केसपेपरवरचा कोड

मागच्या उन्हाळ्यात शेजारच्या गावचे एक आबा प्लास्टिकच्या पिशवीत कागदांचा गठ्ठा घेऊन दवाखान्यात आले. पाय दाखवायला नव्हे, कागद दाखवायला. काही महिन्यांपूर्वी पहाटे मोटारसायकलवरून डेअरीला दूध घालायला जाताना कुत्रे आडवे आले, आबा पडले आणि डाव्या नडगीचे हाड मोडले. आम्ही हाडात रॉड घातला आणि पाचव्या दिवशी घरी सोडले. त्या पाच दिवसांचा खर्च विमा कंपनीने दिला. पुढचे ड्रेसिंग, दोन एक्स-रे आणि फिजिओथेरपी यांची साडेनऊ हजारांची बिले मात्र ‘मूळ दुखापतीशी संबंध दिसत नाही’ असा शेरा मारून परत आली.

‘‘डॉक्टर, पाय तोच, रॉड तोच, तुम्हीही तेच. मग संबंध कसा नाही?’’ आबांचा प्रश्न बिनतोड होता.

कागद चाळले तेव्हा चूक सापडली, आणि ती आमचीच होती. डिस्चार्ज कार्डावर ‘एस ८२.२’ असा कोड होता. फेरतपासणीच्या कागदांवर मात्र आमच्या काउंटरवरून ‘एम ७९.६’ पडला होता. पहिल्याचा अर्थ नडगीच्या हाडाच्या मधल्या भागाचा अस्थिभंग; दुसऱ्याचा अर्थ नुसते हातपाय दुखणे. आबांनी काउंटरवर ‘पाय दुखतोय’ एवढेच सांगितले, मुलीने तेवढेच टिपले. कंपनीत बसलेल्या माणसाला आबांचा पाय दिसत नाही, कागदच दिसतो. त्याच्या दृष्टीने अस्थिभंगाचा रुग्ण बरा होऊन गेला आणि नंतर दुसऱ्याच कोणत्या दुखण्यासाठी आला.

हे कोड येतात कोठून? जागतिक आरोग्य संघटनेने आजारांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण केले आहे. त्याच्या दहाव्या आवृत्तीला १९९० मध्ये मान्यता मिळाली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली असली, तरी आपल्याकडील विम्याच्या छापील अर्जात, रुग्णालयाने भरायच्या भागात, दहाव्या आवृत्तीच्याच कोडसाठी रकाने आहेत. शेजारीच दुखापत रस्त्यावरील अपघाताची आहे का, पोलिसांत नोंद आहे का, हेही विचारलेले असते.

या वर्गीकरणात अपघाताचे दोन धागे वेगळे ठेवले आहेत. ‘एस’ आणि ‘टी’ या अक्षरांत शरीराला काय झाले ते, तर ‘व्ही’ या अक्षरात ते कसे झाले ते. आबांचा अपघात ‘व्ही २०.४’ मध्ये बसतो: मोटारसायकल चालविणारा, समोर प्राणी किंवा पादचारी, आणि घटना रहदारीच्या रस्त्यावरची. मागे बसलेल्या व्यक्तीसाठी शेवटचा आकडा ४ ऐवजी ५ होतो. ट्रक किंवा एस.टी.ची धडक असेल तर २० च्या जागी २४ येतो. रुग्णाला हे पाठ असण्याची गरज नाही. पण ‘गाडीवरून पडलो’ एवढेच न सांगता कोण चालवत होते, कशाची धडक बसली, हे नीट सांगितले, तर लिहिणाऱ्याला अंदाज बांधावे लागत नाहीत.

खरा घोळ होतो तो नंतरच्या भेटींत. टाके काढणे आणि ड्रेसिंग यांसाठी ‘झेड ४८.०’, व्यायामोपचारासाठी ‘झेड ५०.१’, हाड जुळल्यावर प्लेट काढण्यासाठी ‘झेड ४७.०’ असे वेगळे कोड आहेत. ते बरोबर आहेत, पण त्यांना स्मरणशक्ती नाही! ‘झेड ४८.०’ म्हणजे टाक्यांची देखभाल. टाके अपघाताचे की अपेंडिक्सचे, ते त्यातून कळत नाही. म्हणून सोबत मूळ दुखापत लिहावीच लागते.

माझ्या एका रुग्णाचा भाचा पुण्यात अमेरिकन रुग्णालयांसाठी कोडिंगचे काम करतो. त्याने सांगितले की तिकडे १ ऑक्टोबर २०१५ पासून दहाव्या आवृत्तीचा त्यांचा स्वतःचा अवतार चालतो आणि दुखापतीच्या कोडला सातवे अक्षर जोडतात. प्रत्यक्ष उपचार चालू असताना ‘ए’, हाड नीट भरून येत असतानाच्या भेटींना ‘डी’, मागे राहिलेल्या व्यंगाला ‘एस’. अस्थिभंग जुळायला उशीर होत असेल किंवा तो वाकडा जुळला असेल, तर त्यासाठीही निराळी अक्षरे आहेत. म्हणजे मूळ दुखापत शेवटपर्यंत सोबत चालते. मला ही युक्ती आवडली. आपल्या अर्जावर हे अक्षर नाही, त्यामुळे तेच काम आपल्याला शब्दांनी करावे लागते: ‘अमुक तारखेच्या रस्ता अपघातातील डाव्या नडगीचा अस्थिभंग, रॉडच्या शस्त्रक्रियेनंतर सहावा आठवडा, फेरतपासणी.’ एवढी एक ओळ प्रत्येक भेटीच्या कागदावर डॉक्टरांकडून आग्रहाने लिहून घ्यावी.

बरेच दिवसांनी उरलेल्या त्रासाचे गणित आणखी वेगळे आहे. अपघाताला वर्ष उलटल्यावरही पाय आखूड राहिला, चाल बिघडली, तर तो जुन्या दुखापतीचा परिणाम म्हणून ‘टी ९३.२’ आणि त्याचे कारण म्हणून ‘वाय ८५.०’ असे लिहिता येते. रॉडच्या जागी जंतुसंसर्ग झाला तर ‘टी ८४.६’. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे अर्थातच नुसत्या कोडवर निकाल होत नाही. तेथे बिले, केसपेपर आणि अपंगत्वाचा दाखला पाहतात. पण अपघातापासून दाखल्यापर्यंत साखळी अखंड दिसली, तर उलटतपासणीत डॉक्टरलाही उत्तर देणे सोपे जाते.

पैशांच्या मुदतीही ध्यानात घ्याव्यात. २०२५ मध्ये आलेल्या केंद्राच्या रोखरहित उपचार योजनेत अपघातग्रस्ताला दीड लाख रुपयांपर्यंत उपचार आहेत, पण अपघातापासून सात दिवसांपुरतेच. फेरतपासणी साहजिकच त्यापलीकडे जाते. ‘आरोग्य संजीवनी’ या प्रमाणित विम्यात घरी सोडल्यानंतर ६० दिवसांचा खर्च धरतात, पण त्याच दुखापतीचा असेल तरच. इतर पॉलिसींची मुदत आपापल्या कागदात पाहावी.

काही जण उलट्या बाजूनेही येतात. गुडघ्याची दहा वर्षांची झीज ‘अपघातातली लिहा’ म्हणतात. ते मी लिहीत नाही.

आबांच्या कागदांवर खाडाखोड केली नाही. तशी कधीच करू देऊ नका, त्याने संशय वाढतो. प्रत्येक भेटीची तारीख, मूळ दुखापत, केलेला उपचार आणि आमच्याकडून झालेली चूक, असे स्वतंत्र पत्र सही-शिक्क्यासह दिले, सोबत डिस्चार्ज कार्डाची प्रत आणि दोन्ही एक्स-रेचे अहवाल जोडले. दीड महिन्याने पैसे जमा झाले. फिजिओथेरपीच्या चार पावत्यांवर तारीखच नव्हती. त्यांचे बाराशे रुपये मात्र गेले.