कॉर्नेलची पीएचडी, नर्मदेचं खोरं आणि बेस गिटार : कोण आहेत राहुल राम?

सिरसाळ्यात 'बेस' म्हटलं की डोळ्यांसमोर वरातीतला डीजे येतो. छातीत बसणारे हादरे आणि थरथरणाऱ्या खिडक्या.

पण रॉक बँडमध्ये हा बेस एक माणूस हातानं वाजवतो. त्याच्या गिटारीला सहसा चारच तारा असतात, त्याही जाड. सगळ्यात जाड तार सेकंदाला साधारण ४१ वेळा थरथरते. एवढा खालचा सूर मोबाईलच्या चिटुकल्या स्पीकरला झेपत नाही. म्हणजे रीलवर गाणं ऐकताना बेसवाला अर्धा गायबच असतो.

असेच एक बेसवाले म्हणजे 'इंडियन ओशन' बँडचे राहुल राम.

आयआयटी कानपूरमधून रसायनशास्त्रात एमएस्सी. मग अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठातून पीएचडी, विषय पर्यावरणातली विषद्रव्यं. एवढं शिकलेला पोरगा तिकडंच नोकरी धरतो, असा आपला अनुभव. हे मात्र परत आले आणि नर्मदा बचाओ आंदोलनात गेले.

सरदार सरोवराच्या पाण्यात महाराष्ट्राची ३३ गावं जाणार होती. अक्कलकुवा आणि धडगाव भागातली ही गावं तेव्हा धुळे जिल्ह्यात होती, आता नंदुरबारमध्ये आहेत. गाव पाण्याखाली जाणं म्हणजे काय, हे माजलगाव धरणाच्या शेजारी राहणाऱ्यांना वेगळं सांगायला नको.

याच काळात, १९९१ मध्ये, ते इंडियन ओशनमध्ये आले. सुष्मित सेन आणि असीम चक्रवर्ती यांनी दिल्लीत १९९० साली सुरू केलेला हा बँड. अल्टरनेटिव्ह रॉक म्हणजे ढोबळमानानं बाजाराचा मुख्य रस्ता सोडून चाललेलं रॉक. आपल्याकडं मुख्य रस्ता म्हणजे सिनेमा. त्यात यांनी गिटारीसोबत तबला घेतला. पहिला अल्बम यायला १९९३ उजाडलं.

पीएचडी वाया गेली का? घरातल्या थोरांना विचारलं तर उत्तर ठरलेलं आहे.

पण २००० मध्ये 'कंदिसा' अल्बम आला. त्यातलं 'मा रेवा' हे नर्मदेच्या खोऱ्यातलं लोकगीत, रेवा म्हणजे नर्मदाच. आंदोलनाच्या दिवसांत कानावर पडलेलं हे गाणं राहुल राम यांनी बँडमध्ये आणलं. धरणाच्या बातम्या ज्यांनी कधी वाचल्या नाहीत, ती कॉलेजची पोरंही ते गायला लागली.

पुढं सिनेमाही आला. 'ब्लॅक फ्रायडे' १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांवरचा. तो कोर्टात अडकला आणि २००७ मध्ये थिएटरात लागला, पण त्यातलं 'बंदे' आधीच लोकांच्या तोंडी होतं.

२५ डिसेंबर २००९ ला असीम गेले. २०१३ मध्ये सुष्मित बाहेर पडले. सुरू करणारे दोघंही नाहीत म्हटल्यावर बँड तिथंच संपला असता. राहुल राम आणि ड्रमर अमित किलम यांनी नवी माणसं घेतली आणि २०१४ मध्ये 'तंदानू' अल्बम काढला. 'मसान'चं संगीत त्यानंतरचं.

'मा रेवा' आधी मोबाईलच्या स्पीकरवर ऐका, मग इअरफोन लावून. दुसऱ्या वेळी आवाजाच्या खाली जे चालताना ऐकू येईल, ते राहुल राम.