गुरुवारचा निकाल

२०२५ मध्ये ‘फुले’ चित्रपट ११ एप्रिलऐवजी २५ एप्रिलला लागला आणि दोन आठवडे सगळी चर्चा आक्षेप, कात्री आणि सेन्सॉर बोर्ड यांच्याभोवतीच फिरली. त्याआधी पाच वर्षं जोतिराव-सावित्रीबाई फुले या दाम्पत्यावरचीच मालिका रोज संध्याकाळी घरोघरी दिसत होती, हे त्या गदारोळात फारसं कुणाला आठवलं नाही. ती बंद पडायला ना मोर्चा लागला, ना कात्री. आकडे पुरले.

‘सावित्रीजोती’ सोनी मराठीवर जानेवारी २०२० मध्ये सुरू झाली आणि डिसेंबरात आटोपली. मधल्या टाळेबंदीनं चित्रीकरण ठप्प झालं ते वेगळंच. निर्मिती ‘दशमी क्रिएशन्स’ची, म्हणजे नितीन वैद्य यांची. गंमत अशी की वैद्य मूळचे पत्रकार, पुढे झी मराठीचे प्रमुख, मग झी टीव्ही, मग स्टारमध्ये हिंदी वाहिन्यांची जबाबदारी. मालिका ज्या खुर्चीतून उचलल्या आणि उतरवल्या जातात, त्या खुर्चीत वर्षानुवर्षं बसलेला हा माणूस. ती सोडून ते टेबलाच्या अलीकडे, निर्मात्याच्या बाजूला आले.

अलीकडची बाजू कशी असते? वाहिनी एपिसोडमागे ठरलेली रक्कम देते. सेट, कपडेपट, कलाकारांच्या तारखा हे सगळं निर्मात्यानं आधी उभं करायचं, पैसे मागाहून. ऐतिहासिक मालिकेत एक वाडा, एक बैलगाडी, पन्नास पगड्या वाढल्या की हिशेब कोलमडतो. आणि दर गुरुवारी टीआरपी येतो. वैद्यांना तो कसा वाचायचा हे शिकवायची गरज नव्हती. तरी त्यांनी फुल्यांच्या विषयाला हात घातला, याचं मला अप्रूप वाटतं.

मालिका बंद होताना प्रा. हरी नरके यांनी जाहीर हळहळ व्यक्त केली होती. फुल्यांचं साहित्य संपादित करण्यात हयात घालवलेल्या माणसाची ती हळहळ समजण्यासारखी आहे. पण ‘लोकांनी पाठ फिरवली’ हा जो सूर तेव्हा निघाला, तो मला पटत नाही. कुठले लोक? तेव्हा देशभरात मोजणीची यंत्रं बसवलेली घरं होती सुमारे ४४ हजार. आमच्या खान्देशातल्या पहूर पेठेत कुणाच्या घरी ती पेटी आहे, कुणालाच ठाऊक नाही. पद्धतच तशी गुप्त. संध्याकाळी लाइट गेली की टीव्ही बंद, आणि आली की रिमोट ज्याच्या हातात त्याचं राज्य.

शिवाय लोक अशा मालिकांकडे पाठ फिरवत नाहीत, याचा पुरावा वैद्यांच्याच घरात आहे. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर – महामानवाची गौरवगाथा’ हीसुद्धा दशमीचीच. सागर देशमुख बाबासाहेब, शिवानी रांगोळे रमाबाई. मे २०१९ ते ऑक्टोबर २०२० ती स्टार प्रवाहवर चालली. लळिंगच्या लांडोर बंगल्यावर दर ३१ जुलैला बाबासाहेबांच्या मुक्कामाची आठवण जागवणाऱ्या खान्देशात तिला प्रेक्षक शोधावा लागला नाही. फरक वाहिनीचा होता. स्टार प्रवाह जुनी आणि पसरलेली, सोनी मराठी २०१८ ची. पहूर बसस्थानकासमोरचं दुकान आणि आतल्या बोळातलं दुकान यांचा गल्ला सारखा कसा असेल? नव्या वाहिनीनं अशा मालिकेला वेळ द्यायला हवा होता, असं माझं स्पष्ट मत आहे.

वैद्य मात्र थांबले नाहीत. हिंदीत ‘मेरे साई’ २०१७ पासून सुरूच होती, ती २०२३ पर्यंत टिकली. साईबाबांवरच्या श्रद्धेच्या जोरावरच बाकीची धाडसं झेपली असावीत, हा माझा अंदाज. सावित्रीबाई पडद्यावरून गेल्या आणि लगेच जानेवारी २०२१ मध्ये सोनीच्याच हिंदी वाहिनीवर दशमीची ‘पुण्यश्लोक अहिल्याबाई’ आली.

राहता राहिला हक्काचा प्रश्न. या धंद्यातल्या बहुतेक करारांत मालिका वाहिनीच्या मालकीची होते. उद्या ३ जानेवारीला, सावित्रीबाईंच्या जयंतीला, पहूरच्या एखाद्या शाळेनं ‘सावित्रीजोती’चे चार भाग मुलांना दाखवायचे ठरवले, तर परवानगीचा अर्ज वैद्यांकडे देऊन भागणार नाही. तो वाहिनीकडेच करावा लागेल.