भूमिगत विद्युत् तारजोडणी

भूमिगत विद्युत् तारजोडणी : इमारतीच्या बाहेर जमिनीत पुरलेल्या केबलमधून अथवा नळीतून केलेली विद्युत् पुरवठ्याची जोडणी. विहिरीवरील पंप, फाटकावरील दिवा, बागेतील कारंजे यांसाठी ती वापरतात. वादळवाऱ्याचा उपद्रव तिला होत नाही. परंतु ती दृष्टीआड असल्याने पुढे केव्हातरी तेथे खणणाऱ्या माणसाला तिची कल्पना नसते. तिच्याविषयीचे बहुतेक नियम या माणसासाठीच आहेत.

आयएस १२५५ : १९८३ या भारतीय मानकानुसार १,१०० व्होल्टपर्यंतची केबल किमान ७५ सेंमी. आणि ३.३ ते ११ किलोव्होल्टची किमान ९० सेंमी. खोल असावी, रस्त्याखालून जाताना ही खोली १ मी. ठेवतात. खोली केबलच्या माथ्यापासून मोजतात. अमेरिकेच्या राष्ट्रीय विद्युत् संहितेत उघड्या केबलला सु. ६० सेंमी., पीव्हीसी नळीला ४५ सेंमी., तर जाड पोलादी नळीला केवळ १५ सेंमी. खोली सर्वसाधारणपणे पुरेशी मानतात. कुदळीचा घाव जो जितका सोसेल, तितका तो वर चालतो, हे त्यामागील तत्त्व होय.

भारतात पोलादी तारांचे वा पट्ट्यांचे चिलखत असलेली केबल पुरण्याचा प्रघात आहे. चिलखताचे कार्य केवळ घाव अडविण्याचे नाही. पहारीचे टोक आत शिरलेच, तर ते आधी चिलखताला व मग संवाहकाला भिडते. चिलखताचे भूसंपर्कन म्हणजेच अर्थिंग चांगले असल्यास जोराचा प्रवाह वाहून फ्यूज तत्काळ वितळतो. अर्थिंग न केलेले चिलखत मात्र अशा वेळी स्वतःच विद्युत्‌भारित होते व नसल्यापेक्षा घातक ठरते. ग्रंथीच्या (ग्लँडच्या) ठिकाणी ही जोडणी ढिली राहण्याचा दोष वारंवार आढळतो. शिवाय ३० मिलिअँपिअर गळतीला प्रवाह तोडणारा स्विच मंडलात बसवितात.

नळीत पाणी शिरत नाही, ही समजूत चुकीची आहे. सांधे पक्के चिकटविले, तरी घरातील दमट हवा नळीत जाऊन थंड भागात तिचे पाणी होते. म्हणूनच अमेरिकी संहिता जमिनीखालील नळीचे अंतरंग ओली जागाच मानते. घरातील साध्या एकपदरी तारा अशा नळीत ओढू नयेत. बाह्य आवरण असलेली केबलच वापरावी.

चरातील दगडगोटे काढून तळाशी सु. ८ सेंमी. वाळू पसरतात, तीवर केबल ठेवून पुन्हा तितकीच वाळू घालतात व वर विटा आडव्या रचतात. त्यांच्यावरच्या मातीत धोकासूचक रंगीत फीत घालणे हितावह असते. दख्खनच्या काळ्या जमिनीला उन्हाळ्यात भेगा पडतात आणि पावसाळ्यात ती फुगते. ताणून टाकलेली केबल तेथे सांध्यावर निसटते, म्हणून ती किंचित नागमोडी टाकतात. वळणाची त्रिज्या केबलच्या व्यासाच्या बारापटीहून कमी नसावी. पाण्याच्या नळापासून ३० सेंमी. अंतर राखावे.

केबल जमिनीतून वर येते ती जागा सर्वांत दुबळी असते. तेथे चरापासून भिंतीवर माणसाच्या उंचीपर्यंत जस्तलेपित लोखंडी नळी बसवितात आणि तिचे वरचे तोंड बुजवितात. उघड्यावरील साधी पीव्हीसी नळी उन्हाने ठिसूळ होते.

हे काम परवानाधारक ठेकेदाराकडूनच करवून घ्यावे लागते. चर बुजविण्यापूर्वी मेगर या उपकरणाने निरोधन तपासतात आणि भिंतीपासूनची अंतरे, खोली व वळणे दाखविणारा नकाशा करून मुख्य स्विचपाशी लावतात.