दोन्ही पडद्यांवर (भाग ६) : तिशीतच पिकलेले केस

नटीच्या वाट्याला आईची भूमिका आली, की तिचे दिवस उतरणीला लागले असं आपल्याकडे समजतात. रोहिणी हट्टंगडी यांचा मोठा काळ तिथूनच सुरू झाला. रिचर्ड ॲटनबरो यांच्या ‘गांधी’चं चित्रीकरण १९८०च्या अखेरीस सुरू झालं, तेव्हा त्या तिशीच्या आसपास होत्या. दक्षिण आफ्रिकेतल्या तरुण कस्तुरबांपासून पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये नजरकैदेत शेवटचा श्वास घेणाऱ्या बांपर्यंतचं आयुष्य त्यांना उभं करायचं होतं.

आश्रमातला तो प्रसंग आठवा. संडास साफ करायला बा नकार देतात आणि संतापलेला नवरा त्यांना ओढत फाटकाकडे नेतो. अपमानाने पेटलेली ही बाई पुढच्या काही क्षणांत नवऱ्याची शरम ओळखते आणि स्वतःच निवळते. हा बदल रोहिणीताई मुख्यतः डोळ्यांनी करतात. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा बाफ्ता पुरस्कार मिळाला, ‘रेड्स’मधल्या मॉरीन स्टेपलटन यांच्यासह विभागून.

ही तयारी सिनेमातली नव्हे. पुण्याच्या या रोहिणी ओक दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकल्या. शोझो सातो यांच्याकडे जपानी काबुकी आणि शिवराम कारंतांकडे यक्षगान या दोन्ही शैलींतली नाटकं त्यांनी केली. दोन्हींत पाऊल कसं पडतं, मान किती वळते, श्वास कुठे थांबतो, याला शब्दाइतकंच मोल. त्यांची म्हातारी पांढऱ्या केसांवर अवलंबून राहिली नाही, त्याचं मूळ मला इथे दिसतं.

१९८४च्या ‘सारांश’मध्ये तर म्हातारे पतीपत्नी साकारणारे दोघंही वयाने लहान, अनुपम खेर अजून तिशीतही पोचले नव्हते. मुलगा परदेशात मारला गेला आहे आणि तो भाडेकरू मुलीच्या पोटी परत येणार, असं पार्वती प्रधान धरून बसते. तिच्या वेडाची कीव करणं सोपं होतं. रोहिणीताईंनी तिला कुठेही केविलवाणं केलं नाही. तिचा विश्वास त्या इतक्या खरेपणाने बाळगतात की आपणही क्षणभर डगमगतो. पाच वर्षांनी ‘चालबाज’मध्ये हीच जोडी श्रीदेवीच्या अंजूला छळताना दिसते. तिथली अंबा ठसठशीत, कर्कश, मुद्दाम भडक. दोन्ही चित्रपट एकापाठोपाठ पाहावेत. अभिनयाच्या वर्गात दाखवावी अशी ही जोडी आहे.

‘सारांश’च्या आधी ‘अर्थ’मधली मोलकरीण आली होती. तिने लेकीच्या शाळेसाठी साठवलेले पैसे नवरा उधळतो आणि ती त्याला ठार करते. भूमिका छोटी, पण चित्रपटाचा शेवट तिच्यावाचून घडतच नाही. महेश एलकुंचवारांच्या नाटकावरून गोविंद निहलानींनी केलेल्या ‘पार्टी’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘अग्निपथ’मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या, प्रत्यक्षात ते त्यांच्याहून वयाने मोठे असताना!

मग घराघरांत शिरली ती मालिका. ‘चार दिवस सासूचे’ २००१पासून अकरा वर्षांहून अधिक काळ चालली आणि तिचे तीन हजारांहून अधिक भाग झाले. मालिकांना नाकं मुरडणाऱ्यांनी त्यातले कष्ट मोजायला हवेत. चित्रपटात भूमिकेचा शेवट आधी ठाऊक असतो. दैनंदिन मालिकेत पुढच्या महिन्यात आपण कोणत्या वळणावर असू हे नटालाही माहीत नसतं, आणि तरी त्यांनी साकारलेली आशालता देशमुख रोज तीच वाटली पाहिजे. कथानक कित्येकदा ताणलं गेलं, हे खरं. रोहिणीताईंचा आब मात्र सैल पडला नाही. ‘होणार सून मी ह्या घरची’मधली आजी त्यानंतरची, आशालताच्या करारी सुराहून पुष्कळ मऊ.

२०२३च्या ‘बाईपण भारी देवा’त त्या सहा बहिणींतल्या थोरल्या जया झाल्या. तिशीत ज्या वयाचं सोंग घेतलं, ते वय आता त्यांचं स्वतःचं होतं. मराठी चित्रपटाने या वयाच्या बाईला कथेच्या मध्यभागी बसवलं आणि प्रेक्षकांनी चित्रपटगृहं भरली. अशा भूमिका त्यांच्यासाठी वीस वर्षं आधीच लिहिल्या जायला हव्या होत्या.