तापीतीरीची मुक्ताबाई : गैरसमज आणि वस्तुस्थिती

नंदुरबार जिल्ह्यातील प्रकाशे येथे तापी-गोमाईच्या संगमावर जो भाविक स्नानास उतरतो, त्याला ठाऊक असावयास हवे की याच तापीच्या वरच्या अंगाला, जुन्या पूर्व खानदेशच्या मुलखात, मराठीच्या आद्य कवयित्रींपैकी एकीचे समाधिस्थान आहे.

गैरसमज : मुक्ताबाई आळंदीच्या, खानदेशाशी त्यांचा संबंध नाही.

वस्तुस्थिती : शके १२१८ मध्ये (इ. स. १२९६) ज्ञानेश्वर आळंदीस समाधिस्थ झाल्यावर त्यांचे धाकटे बंधू सोपानदेवांनी सासवडास देह ठेवला, आणि थोरले बंधू निवृत्तिनाथांसह तीर्थाटन करीत मुक्ताबाई तापीकाठी आल्या व पुढल्याच वर्षी मेहूणच्या परिसरात अंतर्धान पावल्या, असे परंपरा सांगते. याच परिसरातील पूर्वीच्या एदलाबादेस आज मुक्ताईनगर म्हणतात. आषाढीच्या मानाच्या पालख्यांपैकी त्यांची पालखी याच भागातून पंढरीस निघते.

गैरसमज : त्या केवळ ज्ञानेश्वरांच्या धाकट्या भगिनी.

वस्तुस्थिती : जननिंदेने व्यथित होऊन ज्ञानेश्वरांनी पर्णकुटीची ताटी लावून घेतली, तेव्हा बाहेर उभे राहून, विश्वाचा क्रोध संताने पाण्यासारखा शांतपणे शमवावा, असे ज्येष्ठ बंधूस बजावणारी वाणी मुक्ताबाईंची आहे. योगसामर्थ्याचा अभिमान बाळगणाऱ्या चांगदेवांच्या कोऱ्या पत्रास ज्ञानेश्वरांनी ६५ ओव्यांचे उत्तर लिहिले खरे, परंतु त्या वृद्ध योग्याचे गुरुपद वारकरी परंपरेने दिले ते विशीही न गाठलेल्या मुक्ताबाईंस. मुंगीने सूर्यास गिळल्याचे त्यांचे कूट वाचले, म्हणजे हा अधिकार नात्याने मिळालेला नव्हे, याची खात्री पटते.

गैरसमज : त्यांच्याविषयीची प्रत्येक कथा दप्तरी नोंदीइतकी पक्की, किंवा याच्या उलट, कथा अद्भुत म्हणून कवयित्रीही काल्पनिक.

वस्तुस्थिती : ज्ञानदेवांच्या पाठीवर मांडे भाजल्यासारख्या कथा भक्तीच्या भाषेत सांगितलेल्या आहेत, आणि महिपतींचा ‘भक्तविजय’ तर १७६२ चा, म्हणजे साडेचार शतकांहून अधिक काळानंतरचा आहे. दक्षिण फ्रान्समधील दी येथील काउंटेस या बाराव्या शतकाच्या सुमारास होऊन गेलेल्या कवयित्रीचे त्रोटक चरित्रही असेच मागाहून इतरांनी लिहिले. तथापि तिचे एक गीत स्वरलिपीसह आजही हयात आहे, आणि तिचा खरा दाखला तेच गीत देते. मुक्ताबाईंच्या बाबतीतही चमत्कारांचा वाद घालण्यापूर्वी त्यांचे अभंग वाचावेत, आणि आपल्याच नदीकाठच्या या कवयित्रीस खानदेशाने प्रथम तिच्या शब्दांवरून ओळखावे, हेच उचित होय.