मंगळाचे शून्य आणि उज्जैन

ग्रहाचे विषुववृत्त कुणाला ठरवावे लागत नाही. ग्रह स्वतःभोवती फिरतो. आसाची दोन टोके सापडली की मधोमध विषुववृत्त आलेच. रेखांशांचे तसे नाही. शून्य कुठे धरायचे हे कुणीतरी ठरवायचे आणि बाकीच्यांनी ते मानायचे. मंगळाचे हे शून्य पक्के व्हायला जवळजवळ १९० वर्षे लागली.

सुरुवात बर्लिनची. १८३० साली मंगळ पृथ्वीजवळ आला, तेव्हा विल्हेल्म बेअर हे बँकर आणि योहान मेडलर हे खगोलशास्त्रज्ञ बेअर यांच्या खासगी वेधशाळेतून वेध घेत होते. दुर्बीण जेमतेम पावणेचार इंची. मंगळाचा दिवस किती लांब, हे त्यांना मोजायचे होते. त्यासाठी त्यांनी चटकन ओळखू येणारा एक लहानसा गोल काळा डाग धरला. डाग पुन्हा समोर आला की एक फेरी पुरी. पुढे मिलानच्या जिओव्हानी स्कियापारेल्ली यांनी १८७७ च्या वेधांवरून नकाशा केला आणि शून्य रेखांश त्याच जागी ठेवला. त्या जागेला त्यांनी लॅटिन नाव दिले, फास्टिजियम अरीन.

हे अरीन म्हणजे आपले उज्जैन. सूर्यसिद्धान्ताच्या परंपरेत मध्यरेखा लंकेपासून उज्जयिनीवरून मेरूपर्यंत जाते आणि देशांतर तिच्यापासून मोजतात. हे गणित अरबीत गेले, तेव्हा उज्जैनचे ‘उझैन’ झाले. अरबी लिपीत ‘झ’ आणि ‘र’ एकाच वळणाचे, फरक फक्त वरच्या एका नुक्त्याचा. नक्कल करताना तो नुक्ता सुटला आणि ‘अरीन’ उरले. पृथ्वीचे मध्यस्थान म्हणून हेच नाव लॅटिन ग्रंथांत पोहोचले, आणि तिथून थेट मंगळाच्या नकाशावर. या साऱ्या मागोव्यात मला सर्वांत मोलाचा वाटतो तो हा प्रवास.

पण डागाच्या कडा अस्पष्ट असतात आणि मंगळावरची धूळ त्या बदलतही राहते. नोव्हेंबर १९७१ मध्ये मरिनर ९ यान तिथे पोहोचले तेव्हा सगळा ग्रहच धुळीने झाकलेला होता. धूळ बसली, छायाचित्रे आली. त्यांतून मर्टन डेव्हिस आणि सहकाऱ्यांनी डागाच्या जागी एक विवर निवडले, अवघे अर्धा किलोमीटर रुंद. नाव एअरी-शून्य. ज्यांच्या दुर्बिणीवरून ग्रिनिचचे रेखावृत्त ठरले आणि १८८४ साली वॉशिंग्टनच्या परिषदेत त्याला मान्यता मिळाली, त्या जॉर्ज एअरी यांचे हे नाव.

पुढे मोजमाप इतके बारीक झाले की अर्ध्या किलोमीटरचे विवरही ढोबळ ठरू लागले. २० जुलै १९७६ ला मंगळावर उतरलेल्या वायकिंग १ यानाची जागा मात्र त्याच्या रेडिओ संदेशांवरून काही मीटरपर्यंत कळते. म्हणून २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या अहवालात आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाच्या कार्यगटाने या यानाचा रेखांशच ४७.९५१३७ अंश पश्चिम असा कायम केला. शून्य एअरी-शून्यमधूनच जाते, पण आता ते मोजायचे या बंद पडलेल्या यानापासून.

अरीनची ती जागा आज मेरिडियानी म्हणून ओळखली जाते. भूगोलाच्या शिक्षकांना एवढीच विनंती, की ग्रिनिचचा शून्य रेखांश शिकवताना दोन मिनिटे उज्जैनच्या मध्यरेखेला द्या, आणि ती मंगळापर्यंत कशी गेली तेही मुलांना सांगा.