शांघायची ‘देवी’

चिनी भाषेत ‘शेन्न्यू’ म्हणजे देवी. जुन्या शांघायमध्ये आडपडद्याने वेश्येलाही हाच शब्द वापरत. (आपल्या ‘देवदासी’तही हे दुटप्पीपण आहेच.) वू योंगगांग यांनी १९३४ साली आपल्या पहिल्याच मूकपटाला हे नाव दिलं. नायिकेला मात्र नावच नाही. रात्री ती रस्त्यावर उभी राहते आणि त्या पैशांत मुलाला शिकवते. तिचा धंदा कळताच इतर पालक तक्रारी करतात, मुलाला शाळेतून काढलं जातं. एका दृश्यात तिच्यावर हक्क सांगणाऱ्या गुंडाच्या फाकलेल्या पायांमधून कॅमेरा मुलाला कवटाळून बसलेली आई दाखवतो. पाटीवरच्या संवादाची गरजच उरत नाही.

ती आई म्हणजे रुआन लिंगयू. मोलकरणीची मुलगी, आणि त्या काळातल्या शांघायच्या सर्वांत लाडक्या नट्यांपैकी एक.

नट्यांना हा मान तसा नवाच होता. १९१३ साली, आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये साळुंके हा पुरुष तारामती झाला त्याच वर्षी, हाँगकाँगच्या पहिल्या कथापटात नायिका रंगवली ती ली मिनवेई या पुरुषानेच. वीस वर्षांत चित्र पालटलं. शिकलेली, कमावती, आखूड केसांची ‘नवी स्त्री’ पडद्यावर आली. तिकिटं तिच्याच चेहऱ्यावर खपत. पण गोष्ट संपताना ती तुरुंगात तरी जाई, नाहीतर मरे.

१९३५ च्या ‘नवी स्त्री’ याच नावाच्या चित्रपटात रुआनने लेखिकेची भूमिका केली. आजारी मुलीच्या औषधासाठी ती शरीर विकायला तयार होते. वर्तमानपत्रं तिची लक्तरं काढतात, ती आत्महत्या करते. दिग्दर्शक त्साय चूशंग यांच्यासमोर आय शिया या अभिनेत्रीची आदल्याच वर्षीची आत्महत्या होती. बातमीदार चिडले. त्यांनी कंपनीकडून माफी मागून घेतली, प्रसंग कापायला लावले. त्याच सुमारास रुआनच्या पूर्वीच्या जोडीदाराने तिला कोर्टात खेचलं होतं आणि तिचं खासगी आयुष्य रोज छापून येत होतं. ८ मार्च १९३५ रोजी, ऐन महिला दिनी, तिने झोपेच्या गोळ्या घेतल्या. वय २४. लेखक लू शुन यांनी यावर लेख लिहून सुनावलं, की बलवानांपुढे दुबळी असलेली वर्तमानपत्रं एकट्या बाईपुढे मात्र पुरेशी बलवान असतात.

‘नवी स्त्री’ थोडा भाषणबाज आहे. त्यातली आदर्श कामगार स्त्री भित्तिपत्रकावरून उतरल्यासारखी वाटते. दोन्हींतला एकच बघायचा तर ‘देवी’ बघा. इंटरनेटवर सहज मिळतो.